सीझरचं नाणं, नहपानाची चांदी

तीनशे दिनार. बेथानीच्या एका जेवणात सांडलेल्या अत्तराची ही किंमत. येशू पंगतीला बसलेला असताना एक स्त्री कुपी घेऊन येते आणि जटामांसीचं शुद्ध तेल त्याच्यावर ओतते. घरभर वास दरवळतो आणि लगेच कुणीतरी हिशोब काढतं, की हे तेल तीनशे दिनारांना विकून गोरगरिबांना देता आलं असतं. योहानाच्या शुभवर्तमानात ही स्त्री मरिया आहे, हिशोब काढणारा यहूदा इस्कर्योत आहे आणि तेल एक रत्तल आहे. मत्तयाने द्राक्षमळ्याच्या दृष्टान्तात मजुराचा रोज सांगितलाय एक दिनार. म्हणजे शब्बाथाचे दिवस वगळले तर रोजंदारीवरच्या माणसाची वर्षभराची कमाई त्या कुपीत होती. याच यहूदाने पुढे चांदीची तीस नाणी घेतली. ती सोर नगरीच्या टांकसाळीतली शेकेल असावीत, असं बहुतेक नाणेतज्ज्ञ मानतात. एक शेकेल साधारण चार दिनारांचा धरला तर ती रक्कम एकशेवीस दिनारांच्या घरात जाते. अत्तराच्या निम्मीही नाही.

बायबलातल्या नाण्यांवर बरंच लिहिलं गेलंय, पण त्यातलं बहुतेक लिखाण यरुशलेम आणि रोम या दोन शहरांतच फिरतं. बेथानीच्या कुपीतली जटामांसी मात्र त्या दोन्ही शहरांच्या आसपास उगवत नाही. ती हिमालयातल्या उंच उतारांवर उगवते. पहिल्या शतकात तिचा निर्यातीचा एक मोठा रस्ता उज्जैनवरून भडोचला उतरत होता. दिनार जिकडून येत होता आणि जटामांसी जिकडे जात होती, तो दर्यामार्ग एकच होता. म्हणून शुभवर्तमानातल्या दिनाराची अर्धी गोष्ट आपल्या दख्खनमध्ये आहे.

ही अर्धी गोष्ट सांगणारा उत्तम साक्षीदार एक निनावी व्यापारी आहे. इजिप्तमध्ये राहणाऱ्या या ग्रीकभाषी माणसाने पहिल्या शतकाच्या मध्यावर आपल्या धंदेवाईक बांधवांसाठी बंदरांची आणि मालाची एक टिपणवही लिहिली. ‘पेरिप्लस’ या नावाने ती ओळखली जाते. भडोचला काय खपतं याची त्याने यादीच दिलीय: इटलीची दारू, तांबं, कथील, शिसं, पोवळी, काच आणि त्यांच्या सोबत सोन्या-चांदीचे दिनार. हे दिनार तिथल्या चलनात बदलून घेतले तर त्यातही नफा सुटतो, अशी खास सूचना तो करतो. राजासाठी चांदीची भांडी, गाणारी मुलं आणि जनानखान्यासाठी सुंदर मुली आणाव्यात, असंही तो सहजपणे लिहून जातो. मालाच्या यादीत माणसं बसवताना त्याचा हात अडखळत नाही. बायबलातल्या शेवटच्या पुस्तकात, प्रकटीकरणात, बाबेलच्या पाडावावर रडणाऱ्या व्यापाऱ्यांच्या मालाची अशीच एक यादी आहे. सोनं, रुपं, मोती, तलम वस्त्रं, हस्तिदंत, सुगंधी द्रव्यं यांच्या ओळीने येत ती अखेर माणसांवर येऊन थांबते. दोन्ही याद्या शेजारी ठेवल्या तर एक व्यापाऱ्याची आणि दुसरी संतापलेल्या भक्ताची आहे, एवढाच फरक उरतो.

याच व्यापाऱ्याने पैठणचं नाव घेतलंय. भडोचहून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण, तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर, म्हणजे आजचं धाराशिव जिल्ह्यातलं तेर. पैठणहून गोमेदासारखे दगड आणि तेरहून साधं कापड, मलमल, रंगीत कापड, हे सारं बैलगाड्यांवर लादून, धड रस्ते नसलेल्या मुलखातून भडोचला जात असे. छत्रपती संभाजीनगरच्या पुंडलिकनगरातून पैठण आज पन्नासेक किलोमीटर आहे. सकाळी निघून नाथांचं दर्शन घेऊन दुपारच्या जेवणाला घरी परतता येतं. त्या काळी मात्र याच मुलखातून गाड्यांचे तांडे उत्तरेला निघाले, की सह्याद्रीच्या आणि सातमाळ्याच्या रांगांमधले घाट उतरत वीस दिवस चालत राहायचे. वाटेवर कन्नडजवळ पितळखोऱ्याची लेणी आहेत. तिथल्या खांबांवर दान देणाऱ्यांची नावं कोरलेली आहेत आणि त्यांत पैठणचा एक गंधी आहे, मितदेव नावाचा. बेथानीच्या कुपीआधी शंभराहून जास्त वर्षं पैठणचा सुगंधी द्रव्यांचा व्यापारी डोंगरातल्या भिक्खूंसाठी खांब कोरून देण्याइतका सुखवस्तू होता.

आता त्या प्रसिद्ध नाण्याकडे वळतो. सीझरला कर द्यावा की नाही, असा पेच विरोधकांनी टाकल्यावर येशूने दिनार मागितला आणि त्यावर मुखवटा नि नाव कोणाचं, असं विचारलं. सीझरचं, असं उत्तर आलं. मग जे सीझरचं ते सीझरला आणि जे देवाचं ते देवाला द्या, एवढं बोलून त्याने विषय संपवला. त्या वेळी रोमच्या गादीवर टायबेरियस होता, इसवी सन १४ ते ३७. त्याच्या दिनाराच्या एका बाजूला पानांचा मुकुट घातलेलं त्याचं मुंडकं आणि दैवी ऑगस्टसचा पुत्र अशी बिरुदावली आहे. दुसऱ्या बाजूला राजदंड आणि डहाळी धरून बसलेली स्त्री आणि मुख्य पुरोहित ही पदवी. पावणेचार ग्रॅमच्या आसपास चांगली चांदी, टांकसाळ आजच्या फ्रान्समधल्या लिओनची. एकेश्वर मानणाऱ्या यहुद्याच्या हातात असं नाणं पडणं म्हणजे करासोबत अपमानही पदरी पडणं होतं.

गंमत अशी, की खुद्द यहुदियात त्या काळचे हे दिनार फारसे सापडत नाहीत. भारतात ते ढिगाने सापडले आहेत. रोमन चांदीचे भारतातले साठे बघितले तर दोनच छाप पुन्हा पुन्हा येतात. ऑगस्टसच्या नातवांची, गायस आणि लुसियसची, जोडी असलेला एक. दुसरा हा टायबेरियसचा, बसलेल्या स्त्रीचा. तेलंगणात नलगोंडा भागातल्या अक्कनपल्लीला एकाच साठ्यात १५३१ दिनार निघाले. कोइम्बतूरचा पट्टा तर या नाण्यांसाठी प्रसिद्धच आहे. यरुशलेमच्या देवळात ज्या मुखवट्यावरून वाद झाला, तो मुखवटा कावेरीच्या खोऱ्यातल्या शेतकऱ्याच्या नांगराला लागतो.

टायबेरियसला हे कळत होतं. इसवी सन २२ मध्ये त्याने रोमच्या सेनेटला लिहिलेल्या पत्राचा मजकूर इतिहासकार टॅसिटसने दिलाय. बायकांच्या हिऱ्यामोत्यांपायी आपला पैसा परक्या, शत्रूच्या देशांत चाललाय, ही त्यातली तक्रार. स्वतःचं तोंड छापलेली चांदी परदेशी वाहून चाललीय म्हणून कुरकुरणारा सम्राट आणि त्याच चांदीचा तुकडा हातात धरून प्रश्न विचारणारा गालीलचा सुतार, या दोघांमध्ये साधारण दहा वर्षांचं अंतर आहे. पुढे थोरल्या प्लिनीने आकडाच टाकला: भारत दरसाल रोमचे ५ कोटी सेस्टर्स खातो. चार सेस्टर्सचा एक दिनार, म्हणजे सव्वा कोटी दिनार. हा आकडा किती खरा यावर अभ्यासकांनी खूप वाद घातलाय. मला त्याचा वेगळाच उपयोग दिसतो. मत्तयाच्या दृष्टान्तात एका चाकराला राजाचं दहा हजार तालंतांचं देणं असतं आणि तो राजा ते माफ करतो. तालंत हे वजन, सहा हजार दिनारांच्या बरोबरीचं. म्हणजे कर्ज झालं सहा कोटी दिनार. रोमची पाच वर्षांची भारतातली सगळी उधळपट्टी बेरीज केली तरच एवढी रक्कम होते. तोच चाकर बाहेर पडून आपल्या सोबत्याची मान धरतो ती शंभर दिनारांसाठी. आकडे मांडून पाहिले की त्या गोष्टीतला उपरोध किती बोचरा आहे हे कळतं.

तर मग महाराष्ट्रात हे दिनार कुठे आहेत? भडोच आणि पैठणच्या बाजारात ते खेळत होते, मग तेर, पैठण, नेवासे, भोकरदन, कोल्हापूर इथे त्यांचे हंडे का निघत नाहीत? रोमन ओळख सांगणाऱ्या वस्तू इथे कमी नाहीत. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर १९४५-४६ मध्ये हसमुख सांकलिया आणि मोरेश्वर दीक्षितांनी उत्खनन केलं. समुद्रदेव पोसायडनची ब्राँझची देखणी मूर्ती याच टेकडीची. भोकरदनला १९७३ साली शां. भा. देव आणि आर. एस. गुप्ते यांनी खोदकाम केलं, त्यात नागपूर आणि मराठवाडा विद्यापीठांचा सहभाग होता. तिथे मिळालेल्या हस्तिदंती बाहुलीचं नातं पॉम्पेईच्या राखेत सापडलेल्या हस्तिदंती भारतीय स्त्रीशी जुळतं. तेरलाही तशीच एक आहे. माल आला, गेला, कारागिरी आली, गेली. नाणी मात्र नाहीशी झाली.

याचं सर्वात पटणारं उत्तर मुशीत आहे. तमिळ मुलखातल्या राजांची चांदीची टांकसाळ मोठी नव्हती. तिथे दिनार तसाच साठवला गेला, मोठ्या व्यवहारांत तोलून दिला गेला. काही साठ्यांत तर नाण्यांवर, थेट सम्राटाच्या मुखवट्यावर, छिन्नीचा घाव आहे. पुदुकोट्टैच्या ५०१ सोन्याच्या रोमन नाण्यांपैकी बहुतेकांची अशी चीर पाडलेली आहे. आत खरं सोनं आहे का हे बघायला, की परक्या राजाचं नाणं आपल्या बाजारात चालू नये म्हणून, यावर मतं वेगवेगळी आहेत. पश्चिम भारतात मात्र स्वतःचं चांदीचं चलन पाडणारी सत्ता होती. तिला सीझरच्या तोंडाशी काही देणंघेणं नव्हतं, तिला चांदी हवी होती. या सत्तेच्या, म्हणजे क्षहरात क्षत्रपांच्या, नाण्यांना एवढी चांदी कुठून मिळाली, याचं उत्तर म्हणून वितळवलेल्या दिनारांकडेच अभ्यासक बोट दाखवतात. भडोचला दिनारावर नफा सुटतो, या पेरिप्लसच्या वाक्याचा खरा अर्थ बहुधा हाच असावा.

सीझर मुशीत गेला तरी त्याची ऐट इथे काही काळ रेंगाळली. तेरला आणि तेलंगणातल्या कोंडापूरला मातीच्या छोट्या चकत्या मिळाल्या आहेत, रोमन नाण्याचा ठसा घेऊन भाजलेल्या आणि गळ्यात अडकवायची सोय केलेल्या. कोंडापूरच्या चकत्यांत टायबेरियसचं नाणं ओळखता येतं. सोन्याची नाणी ज्यांना परवडत नव्हती, अशा कुणी बायकांनी मातीचा सीझर गळ्यात घातला असेल. ज्याच्या मुखवट्यावरून यरुशलेममध्ये धर्मसंकट उभं राहत होतं, तो इथे दागिना झाला. माझ्या मते दख्खनने रोमला दिलेलं हे सर्वात बेफिकीर उत्तर आहे.

गरिबाच्या नाण्याचा विषय निघालाच आहे तर विधवेची गोष्टही इथेच यायला हवी. देवळाच्या भांडारात श्रीमंत लोक खणखण पैसे टाकत असताना एक विधवा तांब्याची दोन लेप्टा टाकते आणि येशू म्हणतो की सर्वांत जास्त हिनेच दिलं. ही बारकी नाणी मुख्यतः अलेक्झांडर यान्नाय या राजाची, इसवी सनापूर्वी १०३ ते ७६ मधली. एकेक कधी कधी ग्रॅमभरही नाही, आणि ओबडधोबड. आपल्याकडे त्यांचे सोबती म्हणजे सातवाहनांची शिशाची आणि पोटीन या मिश्रधातूची नाणी. एका अंगाला हत्ती, दुसऱ्या अंगाला उज्जैन चिन्ह, कधी झाड, कधी तीन कमानींची टेकडी. पैठण, नेवासे, तेर, भोकरदन, जिथे सातवाहन थर लागतो तिथे ती निघतात. रोमच्या प्लिनीने लिहून ठेवलंय, की भारतात तांबंही नाही आणि शिसंही नाही, रत्नं आणि मोती देऊन ते लोक ते विकत घेतात. प्लिनी पूर्ण बरोबर नव्हता, भारतात दोन्हींच्या खाणी होत्या. तरी भडोचच्या आयात मालात शिसं आहे हे पेरिप्लसही सांगतो. म्हणजे पैठणच्या भाजीवालीच्या पदराच्या गाठीतलं नाणंही कधी कधी समुद्र ओलांडून आलेलं असू शकतं. पैठणला बाळासाहेब पाटील यांनी जमवलेल्या वस्तूंचं शासकीय संग्रहालय आहे आणि तेरला रामलिंगप्पा लामतुरे यांच्या संग्रहातून उभं राहिलेलं. ज्यांना सातवाहनांची ही दुनिया डोळ्यांनी बघायची आहे त्यांनी ही दोन ठिकाणं चुकवू नयेत.

आता मोठ्या रकमांकडे. नाशिकच्या पांडवलेण्यांत दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात उषवदाताचे लेख आहेत. हा त्याच क्षहरात क्षत्रपांपैकी नहपानाचा जावई. नहपान म्हणजे पेरिप्लसच्या काळात भडोचवर राज्य करणारा तोच, असं बहुतेक जण मानतात. उषवदाताने भिक्खूंना ३००० कार्षापण दिले, पण हातात नाही. २००० त्याने गोवर्धनच्या कोष्ट्यांच्या एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक या व्याजाने ठेवले, १००० दुसऱ्या श्रेणीकडे शेकडा पाऊण दराने. मुद्दल परत मिळायचं नाही, व्याज खायचं. लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी. हिशोब करून बघा: २००० चं वर्षाचं व्याज २४०, वीस जणांना बारा-बारा. पै न पै जुळते. याच लेखांत देवांना नि ब्राह्मणांना दिलेल्या ७०,००० कार्षापणांची नोंद आहे आणि त्याची किंमत २००० सुवर्ण, म्हणजे एका सुवर्णाला ३५ कार्षापण. त्या काळच्या रोममध्ये सोन्याच्या एका नाण्याला २५ दिनार पडत.

हे वाचताना मत्तयातला तालंतांचा दृष्टान्त आठवल्याशिवाय राहत नाही. परदेशी जाणारा धनी चाकरांकडे आपलं धन सोपवून जातो. दोघे व्यापार करून ते दुप्पट करतात, तिसरा भीतीने जमीन उकरून पुरून ठेवतो. धनी परतल्यावर त्याला फटकारतो, की निदान सावकाराकडे ठेवलं असतंस तर मला व्याजासकट मिळालं असतं. उषवदाताने नेमकं तेच केलं होतं, राजघराण्यातला दाता असून पुण्याचंही व्याज कोष्ट्यांकडून वसूल करायची व्यवस्था लावली होती. बुद्धाच्या भिक्खूंना चीवर पुरवण्यासाठी विणकरांची पेढी, यापेक्षा नेटकी योजना दुसरी सुचणार नाही.

आणि तिसऱ्या चाकरासारखं जमिनीत पुरलेलं धनही त्याच मुलखात सापडलं. १९०६ साली नाशिकजवळच्या जोगळटेंभीला चांदीच्या नाण्यांचा एक प्रचंड साठा निघाला, सुमारे १३,२५० नाणी, सगळी नहपानाची. त्यांचा अभ्यास रेव्हरंड एच. आर. स्कॉट या पाद्र्याने केला आणि तो मुंबईतल्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या शाखेच्या नियतकालिकात, २२व्या खंडात छापून आला. तालंत आणि दिनारांचे दृष्टान्त ज्याला पाठ असणार, अशा माणसाने महाराष्ट्राच्या इतिहासातला सर्वात महत्त्वाचा पुरलेला साठा मोजावा, हा योगायोग मला फार आवडतो.

त्यातलं एकेक नाणं दोन-सव्वादोन ग्रॅमचं. एका बाजूला मुखवटा आणि त्याभोवती ग्रीक अक्षरं, दुसऱ्या बाजूला बाण आणि वज्र, ब्राह्मी आणि खरोष्टीत राजाचं नाव. ग्रीक अक्षरं कशाला? कारण भडोचच्या बाजाराची ती सवय होती. पेरिप्लसचा लेखक सांगतो, की अपोलोडोटस आणि मिनांडर या ग्रीक राजांच्या जुन्या द्रख्मा भडोचला त्याच्या काळातही चालत होत्या, राजे जाऊन शंभराहून जास्त वर्षं झाली होती तरी. लूकच्या शुभवर्तमानात दहा द्रख्मांपैकी एक हरवल्यावर दिवा लावून, घर झाडून शोधणारी बाई आहे. तिचा द्रख्मा आणि नहपानाचं नाणं हे एकाच ग्रीक घराण्यातले दूरचे भाऊ. स्कॉटच्या नजरेत आणखी एक गोष्ट भरली: मुखवटे एकसारखे नाहीत. कुठे तरुण, कुठे म्हातारा, कुठे नाक बसकं, कुठे धारदार. नाव मात्र एकाच नहपानाचं. ठसे खोदणाऱ्यांनी राजाला समोर बसवून चेहरा कोरला नव्हता हे उघड आहे.

पण जोगळटेंभीची खरी गोष्ट मुखवट्यात नाही, त्याच्यावर बसलेल्या घावात आहे. या साठ्यातली ९२७० नाणी पुन्हा ठोकलेली आहेत. गौतमीपुत्र सातकर्णी या सातवाहन राजाने नहपानाचा पराभव करून त्याचीच चांदी पुन्हा ऐरणीवर ठेवली आणि मुखवट्यावर आपली टेकडी, पाठीवर आपलं उज्जैन चिन्ह उमटवलं. वितळवून नव्याने पाडायला वेळ आणि सरपण लागतं. नुसतं ठोकायला हातोडा पुरतो आणि संदेशही लवकर पोचतो. अनेक नाण्यांवर खालचा नहपान अजून डोकावतो. टेकडीच्या कमानीतून अर्धा डोळा, वाकडं नाक, ग्रीक अक्षरांची शेपटं. पुढे गौतमीपुत्राची आई बलश्री हिने नाशिकला कोरून घेतलेल्या लेखात मुलाने क्षहरातांचा वंश निपटून काढल्याचं सांगितलं. तो लेख नंतरचा, तिच्या नातवाच्या, पुळुमावीच्या राजवटीच्या १९व्या वर्षाचा. तेच वाक्य या नाण्यांनी हजारो वेळा आधीच म्हणून ठेवलं होतं.

इकडे हे घडत असताना, फार तर दोन पिढ्यांच्या फरकाने, यहुदियातही अगदी हेच घडलं. इसवी सन १३२ ते १३५ या काळात शिमोन बार कोखबाच्या नेतृत्वाखाली रोमविरुद्ध बंड झालं. बंडखोरांकडे चांदीच्या खाणी नव्हत्या. त्यांनी रोमचे दिनार आणि मोठी चांदीची नाणी गोळा केली आणि त्यांच्यावर आपले ठसे मारले: मंदिर, द्राक्षाचा घड, वीणा, जुन्या हिब्रू लिपीत यरुशलेमच्या स्वातंत्र्याची घोषणा. अशा कितीतरी नाण्यांवर आजही खालचा रोमन सम्राट आणि त्याची लॅटिन अक्षरं दिसतात. त्याच्या शंभरेक वर्षं आधी याच मुलखात एका माणसाने हा मुखवटा कोणाचा, असं विचारलं होतं. बार कोखबाच्या माणसांनी त्याचं उत्तर हातोड्याने दिलं. येशूने सीझरचं सीझरला परत द्यायला सांगितलं, यांनी ते ठेवून घेतलं आणि सीझर पुसला. ते बंड रक्तात बुडालं. गौतमीपुत्र जिंकला.

जिंकल्यावर सातवाहनांनी काय केलं, हा या गोष्टीतला सर्वात मजेदार भाग. त्यांनी शत्रूचा मुखवटा ठोकून काढला आणि मग स्वतःचे मुखवटे असलेली चांदीची नाणी काढली. आजवर हत्ती, टेकडी, झाड यांच्यावर समाधान मानणारं हे घराणं नहपानाच्याच वजनाच्या, नहपानाच्याच धाटणीच्या चांदीवर राजाचं डोकं छापू लागलं. वासिष्ठीपुत्र पुळुमावीची अशी नाणी आहेत, यज्ञ सातकर्णीची आहेत. सोपाऱ्याच्या स्तूपात १८८२ साली भगवानलाल इंद्रजींना यज्ञ सातकर्णीचं असं एक नाणं मिळालं होतं. बाजाराला मुखवट्याची सवय लागली होती आणि बाजारापुढे विजेत्याचंही चालत नाही. टॉलेमी या भूगोलकाराने दुसऱ्या शतकात पैठणला पुळुमावीची राजधानी म्हणून नोंदलं, तेव्हा तिथल्या सराफांच्या पाटावर हेच नाणं असणार.

येशूचा स्वतःचा मुखवटा नाण्यावर यायला बराच काळ गेला, पण तो मराठी गळ्यांपर्यंत आला. व्हेनिसचं सोन्याचं नाणं, दुकात, मध्ययुगापासून अरबी समुद्रावरच्या व्यापारात आलं. त्याच्या एका बाजूला संत मार्कसमोर गुडघे टेकलेला व्हेनिसचा प्रमुख, दुसऱ्या बाजूला ताऱ्यांच्या अंडाकृती चौकटीत उभा ख्रिस्त. या नाण्याला आपल्याकडे पुतळी म्हणत आणि पुतळ्यांची माळ त्याचीच. पुढे सोनारांनी नक्कल करता करता ख्रिस्ताची आकृती घासत नेली. आज बहुतेक माळांमध्ये लक्ष्मी असते. टायबेरियस मातीचा होऊन तेरच्या बाईच्या गळ्यात गेला होता, हा ख्रिस्त सोन्याचा होऊन पेशवाईतल्या बाईच्या गळ्यात गेला. मराठवाड्यातही शुभवर्तमान ऐकणारी वस्ती जुनी आहे. एकोणिसाव्या शतकात रेव्हरंड नारायण शेषाद्री यांनी जालन्याजवळ बेथेल नावाचं ख्रिस्ती गाव वसवलं. तिथल्या रविवारच्या उपासनेत दिनार आणि तालंतांचे दृष्टान्त ऐकणारे लोक जुन्या भोगवर्धनाच्या, म्हणजे भोकरदनच्या, मुलखातच राहत होते.

महाराष्ट्रातली किती चांदी पहिल्या शतकात मुशीत गेली हे भूतकाळाचं झालं. आज जाते ती मात्र आपल्या हातून जाते. गोदाकाठच्या गावांत पावसाळ्यानंतर पांढरीच्या मातीत शिशाची, तांब्याची नाणी वर येतात, विहीर खणताना, घराचा पाया काढताना मडकं लागतं आणि त्यातलं बरंचसं परस्पर वजनावर विकलं जातं. सोनाराच्या तराजूवर नहपान आणि गौतमीपुत्र सारखेच. पुंडलिकनगर, पैठण, गंगापूर, भोकरदन किंवा आणखी कुठेही असं काही हाती लागलं तर ते घासूनपुसून चकचकीत करू नका आणि विकायला नेऊ नका. कुठे, किती खोलीवर, कशासोबत सापडलं हे लिहून ठेवा आणि जिल्हाधिकारी कार्यालयाला कळवा. १८७८ चा निखात निधी कायदा अजून लागू आहे. दहा रुपयांहून जास्त किमतीचं पुरलेलं काहीही सापडलं तर लेखी कळवणं त्याने बंधनकारक केलंय. आणि सरकारने ते धन संग्रहासाठी घेतलंच, तर धातूची पूर्ण किंमत आणि वर तिचा पाचवा हिस्सा द्यावा, अशी तरतूद त्याच कायद्यात आहे.